दहा किलोच्या आतलं

साठ टनी काटा आहे माझा.
दहा किलोच्या आतलं त्याला दिसत नाही.
वैधमापनचे साहेब शिक्का मारताना म्हणाले होते,
याहून बारीक हिशेब हवा असेल तर
सोनाराकडं जा, त्रिशलाताई.

मी ऊस मोजते. मोजत होते, सोळा दिवस.
सतराव्या दिवशी रॅम्पच्या तोंडाशी कमरेइतका चर,
चरात मळीचा वास,
आणि ग्रामसभेचा ठराव दाराला डिंकानं चिकटवलेला:
सदर काट्यामुळे रहदारीस अडथळा होत आहे.

रहदारी म्हणजे पुढं दोन किलोमीटरवरचा कारखाना.
जी ट्रॉली माझ्याकडं सोळा टन सातशे भरायची
ती तिथं पोचेपर्यंत सोळा टन तीनशे.
मी कुणाला काही म्हटलं नव्हतं.
पावती तेवढी दिली होती.

आले ते सगळे ओळखीचेच.
माझ्या लग्नात पंगतीला वाढणारा अभिनंदन चौगुले
चप्पल न काढता दारातच उभा राहिला.
"ताई, निम्मं गाव तिथं कामाला हाय.
तुमचा आकडा आमच्या पोटावर येतोय."
खोटं बोलला असता तर मला झोप लागली असती.

पूर्वी मुंबई गाठावी लागली असती.
आता सीपीआरसमोर एस्टीतनं उतरायचं,
चहा घ्यायचा, आणि आत.
मुजावर वकिलांनी विचारलं,
"जीवाला धोका आहे, असं लिहू?"
म्हटलं, रॅम्पला आहे असं लिहा.
ते हसले. दोन्ही लिहिलं.

सरकारी वकील म्हणाले, गावात पूर्ण शांतता आहे.
होतीच की.
काटा बंद होता.

चार मिनिटं लागली असतील.
याचिकाकर्तीस आवश्यक ते पोलिस संरक्षण द्यावे,
सकाळी आठ ते सायंकाळी सहा,
नियमानुसार शुल्क आकारून.
ऊस रात्री चालतो
हे अर्जात घालायचं कुणाला सुचलं नाही.
मलाही नाही.

वडगावहून जेसीबी आणला, गावातला कोण येईना.
चर बुजवताना दोन पोलिस उभे
आणि पलीकडं पारावर पन्नास जण,
कुणी शिवी दिली नाही, कुणी हाक मारली नाही.
सगळे गेल्यावर मी कोर्टाचा हुकूम
काट्याच्या मधोमध ठेवून बघितला.
लाल शून्य. हललं नाही.

मग निलोफर जमादार गंमत म्हणून चढली: साठ.
हवालदार पाटोळे चढले: नव्वद.
"आमच्या घरचा काटा पंच्याऐंशी दावतोय," म्हणाले,
आणि उतरताना जरा गप्प झाले.

आठवड्यात पावत्या तीन.
एक पेंडीचा टेम्पो, एक भंगारवाला,
एक वाट चुकलेला विटांचा ट्रक.
शंभर रुपये पावतीला.
बंदोबस्ताचं चलन तुम्हाला सांगत नाही,
नवऱ्यालाही अजून सांगितलेलं नाही.
सहाच्या ठोक्याला ते दोघं खुर्च्या मिटवून
भिंतीला लावायचे, नीट, आपल्याच घरच्यासारख्या.

परवा रात्री पावणेदोनला
दिवे बंद करून एक ट्रॅक्टर रॅम्पला लागला.
मडगार्डवरनं उतरला तो पाटोळे,
बनियन, मफलर, पायात स्लीपर.
"भावाचा ऊस हाय. माझी ड्युटी संपल्याली.
पावती नको, ताई. नुसता आकडा सांगा."

सांगितला.
त्यानं तो पेनानं तळहातावर लिहिला,
फुंकर मारून वाळवला, मूठ झाकली.

त्याच्या मागं आणखी एक इंजिन धडधडत होतं,
तेही अंधारात.
आवाजावरनं चौगुल्याचं वाटलं.
मी टॉर्च तिकडं नेला नाही.
एवढंच म्हटलं,
"हळू घ्या. चर नुकताच बुजवलाय,
माती अजून बसलेली नाही."