दोनशे रुपयांत ठाणे

साडेपाचला तलावपाळीला जमायचं,
पाण्याची बाटली आणायची, चपला चालवतील अशा घालायच्या.
मी पिवळी छत्री उघडून उभा असतो, आभाळ कोरडं असलं तरी,
म्हणजे मागे राहिलेल्यांना मी दिसतो.

आज आठजण.
नेरूळचं नवं जोडपं,
कॅमेरा पोटाशी धरलेला निहार परुळेकर,
भूगोलाच्या दोन निवृत्त बाई,
कंटाळलेली एक मुलगी आणि तिला घेऊन आलेले वडील.
आणि केणीबाई, दिव्याहून एकट्या,
दोनशेची नोट चौघडी करून रुमालात बांधलेली.

कौपिनेश्वरात मी शिलाहारांबद्दल बोलतो,
पिंड कवेत मावणार नाही एवढी आहे, हे सांगतो.
बाई वहीत लिहून घेतात.
केणीबाई नंदीच्या कानाशी वाकतात,
काहीतरी बोलतात, पटकन, ठरलेलं,
दूधवाल्याला उद्याचं सांगावं तसं.

मग जांभळी नाका. मेथीच्या जुड्या, लिंबं, सायकली.
चर्चजवळ पोचलो की मी आवाज जड करतो,
जुन्या भिंतींसमोर तो आपोआप होतो.
आत गाण्याचा सराव चाललेला, पेटी एकाच सुरावर अडलेली.
मेणबत्ती मेणबत्तीवरच पेटवावी,
काडी वाया घालवू नये,
हे केणीबाईंना कुणी शिकवलं असेल?
मी विचारलं नाही. सहाला दहा कमी होते.

अग्यारीत आपल्याला जाता येत नाही.
फाटकाबाहेर चंदनाचा वास येईल तेवढा आपला.
टेंभी नाक्यावर दिवे लागले.
सिनेगॉगच्या नावाचा अर्थ मी सांगितला, स्वर्गाचं दार,
आणि दार बंद होतं.
निहारने बंद दाराचाही फोटो काढला.
केणीबाई पायरीवर टेकल्या.
म्हणाल्या, इथं दोनपर्यंत सावली असते.
इथले दिवेकर पाणी द्यायचे, तांब्या घासून.

शेवटचा थांबा किल्ला.
पोर्तुगीजांनी बांधायला काढला, मराठ्यांनी जिंकला,
इंग्रजांनी घेतला, मग त्याचा तुरुंग झाला.
इथे माझा एक विनोद आहे, पाच वर्षं जुना:
आत जाता येत नाही,
आणि जायची वेळ कुणावर न येवो.
जोडपं हसलं. वडील हसले.
मी गेलेय, केणीबाई म्हणाल्या.

नऊ वर्षं. दर गुरुवारी.
चिठ्ठी अकराला द्यायची, नंबर तीनला लागायचा,
कधी लागायचाच नाही.
मधल्या वेळात कुठं बसणार?
मग एकेक दार करत फिरायचे.
सगळ्यांनाच सांगून ठेवलं होतं,
एखादा विसरला तर दुसरा असावा.
अग्यारीलासुद्धा, बाहेरून.

मग आज पुन्हा कशाला आलात, असं कुणीच विचारलं नाही,
तरी त्यांनी सांगितलं:
तेव्हा वर बघितलंच नाही हो कधी.
त्या चर्चला कमान आहे, आज कळलं.

सुटला का मग तो?
मुलीने विचारलं. वडिलांनी तिचा दंड दाबला.

सुटला ना. दिव्यालाच असतो.
घरातून निघत नाही.
दार आतून लावून घेतो.

भिंतीवरचा दिवा फडफडून लागला.
केणीबाईंनी दगडाला उलटा हात लावला,
ताप बघतात तसा,
आणि रिक्षा कुठून मिळेल ते विचारलं.

पुढच्या शनिवारी विनोद मी गाळला.
त्या जागी काय बोलायचं ते अजून सुचलेलं नाही.
छत्री मिटून उभा राहतो जरा वेळ.
लोकांना वाटतं संपलं,
आणि ते पाकिटं काढतात.