शिळं वारं

पणजीच्या वेधशाळेला हे वारं ठाऊक नाही.
त्यांच्या तक्त्यात पाऊस, दमटपणा, वाऱ्याचा वेग,
'कालचं' असा रकाना नाही.
आगरवाड्यात पोरं हे चालण्याआधी शिकतात:
शापोऱ्याच्या चिखलात खेकडे आडवे सोडून
सरळ चालू लागले
की दोरीवरचे कपडे काढायचे,
नाहीतर घामासकट परत मिळतात.

फेब्रुवारी उतरताना येतं.
आधी वास, सकाळीच खाऊन संपलेल्या भाकरीचा.
मग भिंतीवरची सावली दोन बोटं मागे सरकते.
तेवढंच.
मेलेलं कुणी उठत नाही, राज्यं परत येत नाहीत.
सोसायटीच्या चेअरमनला एकदा
तीच थाप दोनदा मारावी लागली,
दुसऱ्यांदा त्यालाच हसू आलं.

माझं काम मानशीची फळी पाडायचं.
मानस म्हणजे इथं बांधातलं दार,
भरतीला आगरात घेणारं.
घाटावरच्या एका मास्तरानं सांगितलं,
आमच्याकडे मानस म्हणजे मन.
म्हटलं, असेल.
पाझरतं का तेही?

शिळं वारं सुटलं की फळी पाडायची, हा नियम.
त्या वर्षी मी झोपलो होतो.
कारण काही थोर नव्हतं:
जावळ होतं, सोलकढी होती, उकाडा होता.
उठलो तेव्हा तिसऱ्या कोंडीत
कालची भरती शिरून
शहाण्यासारखी बसली होती.

मीठ धरलं. सायीच्या रंगाचं.
खडा उन्हाकडे धरला की आत
दुसरंच ऊन दिसायचं, किंचित तिरपं.
मालकाला बोललो नाही.
शुक्रवारी म्हापशाला नेऊन विकलं.

मग एकेक जण उगवू लागला.
लोणचं मुरेना. सहा महिने बरणीत
कैरी पहिल्या दिवसाची, करकरीत, रागावलेली.
खारवलेले बांगडे
नुकतंच जाळ्यातून काढल्यासारखे
टकामका बघत राहिलेले.
पैसे परत दिले. शिव्या खाल्ल्या.

एकटी शिवोलीची इनासीन मास्कारेन्य
उरलेली गोणी मागायला आली.
तिचा रोमाल्द दुसऱ्या दिवशी बोटीवर निघायचा होता.
आंघोळ करून, खांद्यावर बॅग टाकून
तो बलकांवातून उतरला,
आणि लाल सिमेंटवर
त्याचं ओलं पाऊल राहिलं.
टॅक्सी वळणाआड जाईतो ती हात हलवत होती.
मग वाकली,
आणि पावलाभोवती मीठ घातलं,
रांगोळीवाली घालते तसं नव्हे,
माशाला चोळतात तसं, दाबून.

नऊ वर्षं ते पाऊल ओलं.
पाऊस आत झोडपायचा, फरशी सुकायची,
पाऊल ओलंच.
फादर आशीर्वाद द्यायला आले,
वळसा घालून गेले.
मांजर मात्र त्यातलं पाणी चाटायचं;
ते अजून पिल्लूच आहे.

रोमाल्द आला तेव्हा मी तिथंच होतो, नारळ पाडायला.
पोट सुटलेलं, दोन मोबाइल,
कानशिलाला मिठागर.
त्यानं बूट काढला, हसत पाऊल ठशात ठेवायला गेला.
मापात बसणार होतं, नंबर नऊ, दोन्ही नऊ.
इनासीन पायाकडे बघत राहिली,
मग ठशाकडे,
मग पुन्हा पायाकडे.
म्हणाली,
"थांब. धूळ लागेल."

आता तोही वळसा घालून जातो.

आज खेकडे सरळ चालतायत.
दोर हातात आहे, भाकरीचा वास आलाय,
पलीकडं पाणी फळीला खांदा लावून उभं.
पाडतो. पाडतोच आहे.
खाली दोन बोटं उघडी राहिली
तर ते लाकूड फुगल्यामुळं.
मालकानं विचारलं
तर हेच सांगणार आहे.