चार सेकंद

लेओन्स कुदेरची आई लिमोझच्या कारखान्यात
कप वाजवून बघायची.
भट्टीतून आलेला एकेक कप, नखाची टिचकी, कान पुढे.
नाद सरळ आला तर फळीवर,
बद्द वाजला तर पायाशी टोपलीत.
संध्याकाळी पोरं ती टोपली मागच्या भिंतीवर रिकामी करत
आणि त्या खळ्ळकन आवाजाला, तो सांगायचा,
सगळी गल्ली हसायची.
आई नाही. तिचे पैसे कापले जात.

पुढे विनोदही तो असाच वाजवून घ्यायचा.
बुलोन्यच्या स्टुडिओत, कँटीनच्या रांगेत,
सुतारांवर, टॅक्सीवाल्यांवर, माझ्यावर.
मी हसले नाही तर कागदावर काट.
हसले तरी विचारायचा,
"खरं, की पगारापुरतं?"

माझं काम म्हणजे मांडीवर वही, गळ्यात स्टॉपवॉच.
मागच्या शॉटमध्ये सिगारेट कुठवर जळली होती,
नवऱ्याच्या टायची गाठ,
कपाटात लपलेल्याच्या कुठल्या पायात मोजा नव्हता.
आणि प्रत्येक विनोदानंतर
चार सेकंद मोजून मोकळे.
लोक हसतील, म्हणायचा, त्यात पुढचं वाक्य वाहून जाईल,
त्याला जरा आडोशाला उभं करू.
तेवढ्या वेळात नटांना काहीतरी हातकाम:
टोपी झटक, कडी उगाच हलव.
जाडा बार्तेलमी चार सेकंदांत
उकडलेलं अंडं सोलायचा,
एकाही टवक्याशिवाय.

पहिला सिनेमा अकरा दिवस चालला.
दुसरा, ज्यात एक नोटरी स्वतःचंच मृत्युपत्र चोरतो,
दीड वर्ष.
पॅरिसच्या पेपरांनी लिहिलं, "लिमोझचा गावठीपणा."
त्यानं फोनवर आईला वाचून दाखवलं.
ती म्हणाली, "लिमोझ छापलंय? मोठ्या अक्षरांत?"

मग चौदा सिनेमे, दोन बायका,
समुद्राकाठी एक घर, दोनदा विकलेलं.
आणि तो एक, ज्याचं नाव कुणी काढत नाही.
आईवरचा.
कप, टिचकी, हळूहळू बहिरी होत जाणारी बाई.
लिओंला पहिला खेळ. थिएटर गच्च.
तिनं कप कानाशी नेला
आणि लोक हसले.
पोस्टरवर कुदेर होता ना, हसायलाच आले होते.
माझ्या अंगठ्यानं सवयीनं बटण दाबलं.
नऊ सेकंद.
इतकं लांब हसू त्याला कधीच मिळालं नव्हतं.
अंधारात त्यानं विचारलं, "किती?"
"चार," मी म्हणाले.
एकतीस वर्षांत तेवढंच एक खोटं लिहिलं मी वहीत.

त्यानंतर मोहरीच्या चटणीच्या जाहिराती,
कुणाच्या तरी मालिकेत कुणाचे तरी संवाद.
रात्री फोन करायचा, काही बोलायचा नाही,
फक्त पलीकडून एक टिचकी. पेल्यावर बहुतेक.
मी म्हणायचे, "बद्द."
मग झोपायचा.

आता ब्रीवच्या या वृद्धाश्रमात
रविवारी दुपारी टीव्हीवर नोटरी लागतो.
आम्ही नऊ जण. पाच झोपलेले.
नोटरी मृत्युपत्र सदऱ्यात कोंबतो,
बार्तेलमी विचारतो, "मेलं कोण?"
"अजून मीच," नोटरी म्हणतो,
आणि सिनेमा थांबून राहतो.
रेडिएटरची गुरगुर. औषधाच्या गाडीचं कुरकुरणारं चाक.
मस्यू त्रुइयार श्वास घ्यायचं विसरतात, मग आठवतं.
पडद्यावर अंडं सोललं जातंय
एका रिकाम्या हॉलसाठी.

नवीन आलेली नर्स, एनोरा नाव, ब्रतान्यची,
उशी ठोकता ठोकता म्हणते,
"हे सगळे गप्प का उभे राहतात मधेच? बिघडलाय का टीव्ही?"
मी सांगायला तोंड उघडते.
ती अंड्याकडे बघत असते.
टरफल अखंड निघतं, बार्तेलमी ते खिशात ठेवतो,
चार सेकंद संपतात,
आणि तेव्हा, उशिरा, चुकीच्या जागी,
उशी पोटाशी धरून ती हसायला लागते.
पुढचं वाक्य त्यात वाहून जातं.

मला पाठ आहे ते.
मी अंगठा मुठीत धरून
गप्प बसते.