मापवही

न्यू दिलकश टेलर्स, सदर बाजार, जालना.
लांबी, छाती, कमर, सीट, मांडी.
आमच्याकडं माणूस पाच आकड्यांत मावतो.

तो पहिल्यांदा आला तेव्हा मी विचारलं, कमर?
त्यानं छातीवर हात ठेवला. "हां, कोमोर. कोमोर."
अरे बाबा, टेप तर लावू दे!
तो काउंटरवरच्या खडूच्या धुळीत बोटानं
तीन ठिपके काढत बसला,
जरा थांबून चौथा,
आणि भोवतीनं सगळीकडं तळहात फिरवला. पाणी.

याकूबभाई काजं करता करता म्हणाले,
क़मर म्हणजे चांद. त्याच्या मुलखाचं नाव सांगतोय तो.
मी वहीत लिहिलं:
चांदवाला. कमर तीस.

सळईच्या कारखान्यानं आणला होता त्याला,
मॅचचे पंधराशे, गोलामागं वरून पाचशे,
एमआयडीसीत पत्र्याची खोली,
आणि आठव्या दिवशी नळ.
नाव सोइलिही.
पोरांनी आठवड्यात त्याचा सोयरा केला.
"सोयरे, मारा की!"
आणि सोयरे मारायचे,
डाव्या पायानं, गोलकडं न बघता,
जसा मी कात्री चालवताना
गिऱ्हाइकाशी बोलत असतो.

बटणं लावून होईस्तोवर स्टुलावर बसायचा.
मोडक्या हिंदीत सांगायचा:
आधी गावची टीम, ज्वालामुखीच्या काळ्या राखेवर,
अनवाणी.
मग मस्कत.
मग फ्रान्सातलं कुठलंसं गाव, तिसरा डिव्हिजन,
बर्फात पाय सापडायचे नाहीत म्हणे.
मग गोवा, कलकत्ता,
एक एजंट, तो पासपोर्ट घेऊन पळालेला.
मग इथं.
मी विचारलं, देशाकडून?
"एक बार." बोटं दाखवली. अकरा मिनिटं.
बदली खेळाडू.
बॉल दोनदा पायाला लागला.

कमर बत्तीस. कमर बत्तीसच, पण शर्ट सैल.

एका रविवारी मोती तलावावर नेलं त्याला.
पायऱ्यावर उकिडवा बसून
त्यानं बोट बुडवलं, जिभेला लावलं.
"मीठा," म्हणाला,
दुधात माशी सापडावी तसं तोंड करून.
मग बराच वेळ पलीकडचा काठ बघत राहिला.
दिसत होता ना काठ. त्याचंच त्याला वाईट वाटलं असेल.

तिसऱ्या उन्हाळ्यात मैदानाला हात जाईल एवढ्या भेगा.
एका भेगेत बूट राहिला आणि गुडघा पुढं गेला.
गुडघ्याचं माप मी आजवर कुणाचं घेतलं नव्हतं.
उजवा दीड इंच जास्त.
वहीत त्याला रकाना नाही,
कडेला आडवं लिहिलं.
कारखान्यानं नंतर नायजेरियाचा एक पोरगा आणला.
चांगला खेळतो. त्याचीही कमर तीस.

जायच्या आधी पिशवीतून जर्सी काढली त्यानं,
हिरवी, देशाची, तीच अकरा मिनिटांची.
लेकीसाठी छोटी कर म्हणाला.
केवढी आहे लेक?
त्यानं काउंटरच्या कडेला हात धरला,
मग दोन बोटं वर,
फोनवर बघितलेल्या पोरीची उंची
अशी अंदाजानंच.
बाजू आत घेतल्या, बाह्या कापल्या,
पण पाठीवरचा एकोणीस काही मावेना.
एवढ्याशा पाठीवर दोन आकडे कुठून बसणार?
मी खडू घेऊन त्याच्याकडं पाहिलं.
तो म्हणाला, "एक निकालो."

टाके हळूच उसवले.
नऊ राहिला, मधोमध.
याकूबभाईंनी त्याला चारही बाजूनं
जरुरीपेक्षा जास्त शिलाई मारली.
"मैं नंबर नाइन था," तो म्हणाला,
"सब जगह. सिर्फ वहाँ नहीं."

शिलाईचे चाळीस रुपये घ्यायचे राहून गेले.
वहीत बाकी आहेत.
आणि तो एक, पांढऱ्या कापडाचा,
वीतभर, सरळ,
टेप हरवली की याकूबभाई
अजून त्यानंच माप घेतात.