सारण

मोनॅहनमध्ये सप्टेंबर सरत आला की
डिंफना बटाटे सालीसकट उकडते.
गरम असतानाच सोलायचे, बोटं पोळली तरी;
गार झाले की चिकटतात,
कुस्करता कुस्करत नाहीत.
कांदा लोण्यात, मंद आचेवर.
सेजची पानं चुरडून. एक आंबट सफरचंद.
मीठ किती, ते फिंटन सांगायचा
चमचा चाटून, दारातूनच.
यंदा तिनंच चाखलं.
अजून थोडं. नि परत थोडं.

हंसाचं पोट भरून झालं.
सुईत ओवला तोच काळा दोरा,
त्याच्या कोटाला शेवटचं बटण लावून
उरलेला.
तो कोट त्याच्याबरोबर गेला.

ती शिवत राहिली, घट्ट, फार घट्ट.
मग आठवलं, भट्टीत सारण फुगतं,
आणि तिनं एक टाका उसवला.