सूची

पुतण्याने लिस्बनहून कळवलं :
कपाटं विकली, पुस्तकं तू ने.
म्हणून मे महिन्याच्या भर दुपारी मी साळगावात,
काजूचे सात रिकामे खोके
आणि सुतळीचा गुंडा घेऊन.

एर्मेलिंदा टीचरनी कादंबऱ्या फारशा वाचल्या नाहीत.
त्या चरित्रं वाचायच्या, इंग्रज कादंबरीकारांची,
जाडजूड, वाळवीने कडा कुरतडलेली.
एकसष्टनंतर पोर्तुगीज शाळा मिटल्या
तेव्हा त्या एकतीस वर्षांच्या. इंग्रजी शिकल्या
त्या या लोकांच्या कर्जांतून, खोकल्यांतून,
सावत्र बहिणींना लिहिलेल्या लांबलचक पत्रांतून.
शेवटचं प्रकरण आधी वाचायच्या.
माणूस नीट मेला याची खात्री झाली
की निवांत त्याच्या जन्माकडे वळायच्या.

टीकाग्रंथही होते. त्यांच्याशी भांडण.
कोणा समीक्षकाने एका वाक्यावर बारा पानं लिहिलेली,
समासात पेन्सिल, रोमी कोकणीत :
जेवलो मरे तूं?
आणि जिथे चरित्रकार म्हणतो,
पत्नीविषयी फारशी माहिती मिळत नाही,
तिथे : विचारिल्लें कोणाक?

पण खरी करामत मागच्या पानांत.
सूचीत, छापील नावांच्या मधल्या फटींत,
मुंगीएवढ्या अक्षरांत घुसवलेल्या नोंदी :
स्वयंपाकीण, पगार थकलेली, ४१.
मोलकरीण, भिजलेलं हस्तलिखित शेगडीपाशी वाळवणारी, ८८, ९०.
दाई, नाव नाही, १२.
नाव नाही, २०३.
नाव नाही, २०४, तळटीप.
प्रत्येक ग्रंथात. चाळीस वर्षं.

माझा प्रबंध अशाच एका कादंबरीकारावर.
सहा वर्षं मी त्याची कथनदृष्टी तपासली.
त्याचे शर्ट कोण धूत होतं
हे मला चौथा खोका बांधताना,
लाल जमिनीवर फतकल मारून बसल्यावर कळलं.
१५६. नाव नाही.

सगळ्यात खालच्या फळीवर रोजनिश्या.
शाळेच्या स्मरणिकेसाठी टीचरवर दोन पानं लिहायची होती,
म्हणून उघडल्या.
खरं सांगायचं तर म्हणून नाही.
माझी आई, शेवंती, त्या घरात अठरा वर्षं कामाला होती.
ती लाल जमीन तिच्या फडक्याखालची.
आई आत भांडी घासायची
आणि बाहेर बाल्कांवावर टीचर मला
स्पेलिंगं शिकवायच्या, फुकट.

चौऱ्याऐंशी, जून : बाई आली नाही.
सत्त्याऐंशी, फेस्ताचा दिवस : बाई आली नाही. पाहुणे नऊ.
एक्याण्णव : बाई तीन दिवस नाही. पोरीला गोवर.
मोसंबी पाठवली.

पोर म्हणजे मी.
मी शेवटचं पान उलटून पाहिलं, सवयीने.
रोजनिशीला सूची नसते.

घरी आले तेव्हा आई अंगणात भिरंडं फोडत होती,
मनगटापर्यंत लाल.
मी सगळं सांगितलं, आवाज चढवूनच सांगितलं,
चरित्रकारांना कशा झापायच्या, आणि स्वतः मात्र,
बाई, बाई, नुसतं बाई,
अठरा वर्षांत एकदा तरी.
तिने साल एका सुपात टाकलं,
बिया मडक्यात.
"नाही गेले ते दिवस लिहिले त्यांनी," म्हणाली.
"गेले ते लिहायला बसल्या असत्या
तर वाचल्या कधी असत्या?"

मी खोके ओसरीवर ओढले. सुतळी कापली.
कितीतरी वेळ कोणीच बोललं नाही,
मग ती तिथूनच, मान वर न करता :
"मोसंबी आंबट होती.
लिहिणार असलीस तर तेही लिही."