बॅटरी

मुझम्मिल,
शारजात, रोलाच्या मागच्या त्या इमारतीत
माईकची वायर तूच ओढून घेतलीस शर्टाच्या आतून.
मी मान वळवली होती.
एवढी सभ्यता मला येते.

संमतीच्या कागदावर सही तुझ्या अब्बांची.
त्यांनी तो वाचला नाही;
"पोराचं चांगलं दाखवाल ना?" एवढंच विचारलं.
तुझं वय सोळा.
तुझ्या सहीसाठी कागदावर रेघ नव्हती.

प्लायवूडच्या पलीकडे कुणी बांगडे तळत होतं.
शाळा कधी सुटली, व्हिसा कधी संपला,
दंड दिवसाला किती वाढतो,
तू सगळं नीट सांगितलंस, थांबत थांबत,
आमच्या सोयीनं.
आम्हाला काय हवं असतं ते
पोरांना दुसऱ्या दिवशीच कळतं.

मग पाणी आणतो म्हणून निघालास
आणि गच्चीवर गेलास.
कॅमेरा खालीच राहिला. एसीतून त्या उकाड्यात नेला
की भिंगावर वाफ धरते, विरेपर्यंत थांबावं लागतं.
आवाजावर वाफ धरत नाही.

तू हजेरी घेत होतास.
नववी ब.
अफनान. येस मिस.
जोएल कुरियन. येस मिस, जरा घोगऱ्या आवाजात.
किरणदीप, उशिरा, धापा टाकत.
प्रत्येकाचा आवाज वेगळा काढत होतास.
मुझम्मिल पेवेकर.
दोन सेकंद काही नाही,
नुसता वारा, आणि कुठल्यातरी एसीचा कंप्रेसर.
मग पुढचं नाव.

कानामागे टाकायचं तर कानांवर हेडफोन.
पण आवाज बंद करायला एक बोट पुरतं.
माझं बोट वर गेलं.
तू हळू बोलत होतास ना.

खाली आलास, गार बाटली आधी मला दिलीस.
"ताई, माईक तवा चालू व्हता काय?"
नाही रे, म्हटलं,
बॅटरी गेली होती.

चार मिनिटं अकरा सेकंद.
त्या फाईलला मी नाव दिलेलं नाही.
पुसलेलीही नाही.
दिग्दर्शकांना सांगितलेलं नाही,
अजून.

दुसऱ्या दिवशी मुठीत दोन सेल घेऊन आलास,
एक तुमच्या भिंतीवरच्या घड्याळातला,
एक पलीकडच्या बांगडेवाल्यांकडून मागून.
मी घेतले. घातले.
तू कॉलरशी मान झुकवलीस,
एक, दोन, तीन म्हणालास,
"येतोय का आवाज?"

येत होता.